फोनमधला तातू

रिसीव्हर कानाला लावला तर आत तातू सुपारी चघळत होता.

"काय गो बाय, ऐकू येता मां?"

"आधी ती सुपारी थुंक," मी म्हटलं. "कानात कुणी पोहे कुटतंय असं वाटतंय."

तालमीसाठी सेटवर जमलेली माणसं हसली. त्यांना फोनमधलं काही ऐकू येत नव्हतं. त्यांना दिसत होते फक्त मी, प्लायवूडच्या दिवाणखान्यात उभी राहून एका काळ्या फोनशी भांडणारी बाई. त्या फोनची वायर टेबलाच्या पायातून सतरंजीखाली आणि तिथून मागच्या भिंतीपलीकडे गेली होती. भिंत म्हणजे रंगवलेली फळी. तिच्यामागे एका स्टुलावर तातू बसला होता, मांडीवर संहिता, पुढ्यात माइक आणि शेजारी कॅमेऱ्यातलं चित्र दाखवणारा एक लहानसा मॉनिटर.

टीव्ही तेव्हा अगदी नवा होता. नाटकं बरीचशी थेट जायची, म्हणजे आम्ही स्टुडिओत बोलायचो आणि त्याच क्षणी लोक घरी बघायचे. चुकलं तर चुकलं. आमच्या गल्लीत एकच संच होता, डॉक्टर नाबरांकडे, आणि नाटकाच्या संध्याकाळी त्यांच्या दवाखान्यातल्या बाकांवर अख्खी गल्ली येऊन बसायची. आजारी माणसांना त्या दिवशी उभं राहावं लागे.

तातूचं खरं नाव सीताराम परुळेकर. आमच्या नाटक कंपनीचा प्रॉम्प्टर. तो परुळ्याचा, मी रेडीची, त्यामुळे भोवती कुणी नसलं की आम्ही आमच्या बोलीत बोलायचो. वयानं माझ्या वडिलांहून थोडा लहान असेल. त्याचा आवाज असा होता की विंगेतून सोडलेली ओळ बरोबर माझ्या कानात यायची आणि पहिल्या रांगेतल्या माणसाला तिचा पत्ता लागायचा नाही. पुष्कळ नटांना प्रॉम्प्टर म्हणजे घरचा गडी वाटायचा. मला तसं वाटणं परवडणारं नव्हतं.

त्याला कारण इचलकरंजीचा प्रयोग. तिसऱ्या अंकात मी खिडकीशी उभी राहून बाहेर बघत बोलायचं होतं. प्रेक्षकांकडे पाठ, तोंड विंगेकडे. पहिलं वाक्य बोलले आणि पुढचं सगळं पुसलं गेलं. ओळच नव्हे, मी कुठं आहे, कुठलं नाटक आहे, काहीच उरलं नाही. तातूनं ओळ दिली. त्याचे ओठ हलताना दिसले, पण माझ्या कानांत नुसती घूं घूं चालली होती. त्यानं पुन्हा दिली. मग त्यानं संहिता खाली ठेवली, गड्याचं काम करणाऱ्या नटाचं मुंडासं स्वतःच्या डोक्यावर चढवलं, पाण्याचा तांब्या घेतला आणि सरळ रंगमंचावर आला. "बाईसाहेब, पाणी," असं मोठ्यानं म्हणाला, आणि तांब्या देता देता माझ्या कानाशी ओळ सांगून गेला. प्रेक्षकांना काही कळलं नाही.

त्या दिवशी प्रयोगानंतर मी त्याचे पाय धरले. "तातू, ह्यां कोणाक सांगू नको."

"खुळी काय तू," तो म्हणाला. "मी कोणाक सांगतलंय? माझा पुस्तक बोलता, मी खंय बोलतंय?"

तेव्हापासून विंगेत तातू दिसल्याशिवाय मी पाऊल पुढे टाकलं नाही. तो गणपतीला गावी गेला की माझे प्रयोग बंद. कंपनीत लोक थट्टा करायचे, कुमुदबाईंना नवरा नसला तरी चालेल, पण तातू हवाच. माझा नवरा ही थट्टा ऐकून मनापासून हसायचा, कारण त्यालाही ती पटत होती.

म्हणूनच टीव्हीचं नाटक मी दोनदा नाकारलं होतं. तिथं विंग कुठली? कॅमेरे तीन बाजूंनी फिरणार, माइक डोक्यावर लोंबणार. तातू उभा कुठं राहील? पण दुसरीकडे कंपनी मोडायला आली होती. चाळिशीला टेकलेल्या नायिकेला नवी नाटकं मिळत नव्हती, मिळत होत्या आया आणि सासवा. टीव्हीवर एकदा नीट दिसले असते तर पुढची काही वर्षं निभावली असती. आणि तिथं शब्द गेले असते तर इचलकरंजीसारखं प्रेक्षकांकडे पाठ करून लपायला मिळालं नसतं. डॉक्टर नाबरांच्या बाकांपासून पार पुण्यापर्यंत सगळ्यांनी बघितलं असतं.

निर्माते होते जयवंत टिपणीस. तरुण, सडपातळ, चार माणसांत बसूनही चौघांकडे टक लावून बघत राहणारा माणूस. तो तिसऱ्यांदा घरी आला तेव्हा तातूला बरोबर घेऊन आला. माझ्या हातचा चहा पीत म्हणाला, "कुमुदबाई, तुमची अडचण तातूंनी सांगितली. जास्त काही नाही, एवढंच की तुम्हाला त्यांच्याशिवाय जमत नाही. मग त्यांना फोनमध्ये बसवू या ना."

"फोनमध्ये?"

"गोष्टच फोनची आहे. पाचगणीच्या बंगल्यात एक बाई एकटी. नवरा दौऱ्यावर. रोज फोन येतो, पलीकडून कुणी बोलत नाही. शेवटच्या प्रवेशात तिला कळतं की हा कोण आहे. ती फोनवरच त्याला सगळं सुनावते. लांबलचक स्वगत आहे, पण तुमच्या कानाला रिसीव्हर आहे. आत तातू. ते ओळ सांगतील, तुम्ही म्हणाल."

मी तातूकडे पाहिलं. तो बशीतला चहा फुंकत होता.

"जमतला तुका," तो बशीकडे बघतच म्हणाला.

मी होकार दिला. खरं सांगायचं तर त्या माणसाचा मला लळाच लागला. माझ्यासाठी कुणी एवढी युक्ती काढली नव्हती. तालमींत तो माझ्याशी फार जपून वागायचा. इतरांना ओरडायचा, मला कधीच नाही. एकच गोष्ट तो पुन्हा पुन्हा सांगायचा. "स्वगत पाठ करू नका. पाठ केलंत की पाठ केल्यासारखं वाटतं. तातूंच्या तोंडून पहिल्यांदाच ऐकल्यासारखं येऊ द्या." एवढ्यावर थांबला नाही. शेवटच्या दोन तालमींत त्यानं स्वगत दोन्ही वेळा बदललं. माझ्या हातात नवी पानं दिलीच नाहीत, थेट तातूकडे दिली. मला त्याचं काही वाटलं नाही, उलट सुटल्यासारखं झालं. नाहीतरी माझ्या डोक्यात ते राहणार नव्हतं.

तालीम झकास व्हायची. तातू फोनमध्ये ओळ सांगायचा, मी ती उचलायची, आणि मी बोलत असताना तो पुढची जुळवून ठेवायचा. स्वगताचं शेवटचं वाक्य होतं, "मागचं दार उघडंच आहे." ते ऐकलं की मागच्या दारातून दिगू कोरडे आत यायचा. दिगू नाटकातल्या नवऱ्याच्या मित्राचं काम करत होता. तोच फोन करणारा. मी वळायचं, त्याला बघायचं, संपलं.

प्रक्षेपणाच्या दिवशी मात्र काहीतरी वेगळं वाटत होतं, आणि मी ते दिव्यांच्या उकाड्यावर ढकललं. कॅमेरा चालवणारा मुलगा माझ्याकडे बघायचा आणि मी बघितलं की मान वळवायचा. दिगू, जो एरवी माझ्या पुडीतली बडीशेप न विचारता खायचा, तो मेकअपच्या खोलीत आला आणि म्हणाला, "कुमुदताई, तुम्ही फार मोठ्या आहात हं."

"मरायला टेकले नाही अजून," मी म्हटलं. तो हसला नाही.

तातूला शोधलं तर तो भिंतीमागे आधीच जाऊन बसला होता. रोज आम्ही एका किटलीतून चहा घ्यायचो. आज त्याच्यापुढे कप नव्हता, सुपारीही नव्हती.

"तातू, बरा नाय काय तुका?"

"बरा आसा."

"आवाज बसलो काय?"

"नाय गो. जा तू. वेळ झाली."

मी त्याच्या खांद्याला हात लावला, जसा प्रत्येक प्रयोगाआधी लावायची, आणि सेटवर गेले.

पहिले प्रवेश नीट गेले. लहान वाक्यं, ती माझ्या आवाक्यातली होती. दोन वेळा फोन वाजला, दोन्ही वेळा कथेप्रमाणे पलीकडे कुणी बोलायचं नव्हतं आणि तातूही गप्प होता. मी "कोण आहे?" विचारून फोन ठेवत होते. सगळं ठरल्याप्रमाणे होतं. मला आठवतं, दुसऱ्यांदा फोन ठेवताना मी मनात म्हटलं, कुमुद, हेही जमायला लागलं की तुला.

मग शेवटचा प्रवेश आला. फोन वाजला. कॅमेऱ्यावरचा लाल दिवा लागला आणि कॅमेरा पुढे सरकत आला, तालमीत यायचा त्याहून जास्त जवळ. मी रिसीव्हर उचलला.

"हॅलो."

इथं तातूनं पहिली ओळ सांगायची होती. फोनमध्ये शांतता होती.

मी वाट पाहिली. थोडं थांबणं चालण्यासारखं होतं, बाई विचार करतेय असं वाटलं असतं. मी पुन्हा "हॅलो" म्हटलं. शांतता. मला वाटलं वायर तुटली. पायाखाली सतरंजीत कुणाचा पाय अडकला असेल. आणि तेवढ्यात मला तो श्वास ऐकू आला. तातूच्या डाव्या नाकपुडीत एक बारीक शिट्टी वाजायची, थंडीत जास्त. विंगेत उभी राहून मी ती हजारदा ऐकली होती. ती शिट्टी आता माझ्या कानात वाजत होती. वायर शाबूत होती. तातू तिथं होता, माइकला तोंड लावून बसला होता आणि बोलत नव्हता.

मी आठवायचा प्रयत्न केला. आठवायला डोक्यात काही घातलेलंच नव्हतं. कालचं स्वगत की परवाचं? एक शब्द हाताला लागेना. कानांत घूं घूं सुरू झाली. लाल दिवा तसाच जळत होता. नटांना खुणा करणारा फ्लोअर मॅनेजर कॅमेऱ्याच्या बाजूला उभा होता आणि त्यानं कुठलीच खूण केली नाही. माझ्या मनात आलं, तातू मेला. मग आलं, मेलेला माणूस श्वास कसा घेईल.

आणि मी बोलले. काय बोलतेय हे मला कळत नव्हतं. पाचगणीच्या बंगल्यातली ती सुशिक्षित, पुणेरी बाई फोनमध्ये म्हणाली, "थंय आसस मां? आसस मां तू थंय?"

श्वास.

"बोल मां रे. माका भिया वाटता. बोल."

श्वास जरा जोरात आला. स्टूल करकरलं. मला वाटलं, आता बोलेल. मी रिसीव्हर दोन्ही हातांनी कानाशी दाबून धरला. तो बोलला नाही.

माझ्या डोळ्यांतून पाणी कधी आलं ते मला कळलं नाही. मागचं दार वाजलं. दिगू आत आला. "मागचं दार उघडंच आहे" हे वाक्य मी म्हटलंच नव्हतं. त्याच्या प्रवेशाची ओळ कुणी बोललंच नव्हतं आणि तरी तो बरोबर वेळेवर, शांतपणे, न गोंधळता आला. मी वळले. त्याच्याकडे बघताना मला पहिल्यांदा समजलं की ह्याला माहीत होतं.

लाल दिवा विझला.

मग कॅमेरावाल्या मुलानं टाळी वाजवली आणि सगळा स्टुडिओ टाळ्या वाजवायला लागला. टिपणीस वरच्या कंट्रोल रूममधून धावत खाली आला. त्याचे डोळे ओले होते, हे मी आजही कबूल करते. त्यानं माझे दोन्ही हात धरले.

"कुमुदबाई, हे असं आपल्याकडे कुणी केलेलं नाही. कुणीही नाही. आणि ते मालवणी... ते तर मी स्वप्नातही लिहिलं नसतं."

"स्वगत कुठंय?" मी विचारलं.

"स्वगत नव्हतंच." तो हसला, एखाद्याला वाढदिवसाची भेट उघडून दाखवावी तसा. "ते फक्त तुमच्यासाठी होतं. तुम्ही तातूंवर विसंबून राहावं म्हणून. बाकी सगळ्यांनी तुमच्यामागे वेगळी तालीम केली. रागावू नका. तुम्हाला आधी सांगितलं असतं तर तुम्ही अभिनय केला असता."

"आणि मी कोसळले असते तर?"

"नसतात कोसळला. तातूंनी सांगितलं होतं मला. इचलकरंजीला शब्द गेले तेव्हा तुमचा चेहरा कसा झाला होता. ते म्हणाले, असा चेहरा मी जन्मात बघितला नाही, आणि तो प्रेक्षकांना दिसलाच नाही, पाठ होती. मी तेव्हाच ठरवलं. गोष्टच त्या चेहऱ्यावरून लिहिली."

मी माझे हात सोडवून घेतले. माझा चेहरा कसा झाला होता हे मलाही माहीत नव्हतं. ते जगात एकालाच माहीत होतं.

तातू मागच्या व्हरांड्यात होता, किटलीपाशी. दोन कप भरून ठेवले होते. मी गेल्यावर त्यानं एक पुढे केला. मी घेतला नाही.

"रागावलंस बाय?"

"तू सांगलंस तेका."

"तुझ्या बऱ्यासाठीच सांगलंय. आता बघ तू. लोक तुका डोक्यार घेतले."

"आणि तुका काय मेळला?"

तो थोडा वेळ किटलीचं झाकण लावत-काढत राहिला. "टिपणीस माका हयसर कायमचो ठेवूचा म्हणता. कंपनी आता किती दिस चलतली, तूच सांग. माझ्या वयाक खंय जाऊ मी?"

हे मी समजू शकले असते. पोटासाठी माणूस काय काय करतो ते मी कंपनीत पुष्कळ बघितलं होतं. मी तसं म्हणणारही होते, ओठांवर आलं होतं. पण तातूला गप्प बसवेना. इतक्या वर्षांत मी त्याला एकदम एवढं बोलताना ऐकलं नव्हतं.

"तुका खोटा सांगूचंय नाय. तू 'बोल मां रे' म्हटलंस, तेव्हा मी बोलतलंय होतंय. टिपणीस गेलो खड्ड्यात. माझ्याकडे पयल्या तालमीची ओळ होती, जिभेर इली होती. आणि मगे त्या मॉनिटरात तुझा तोंड बघलंय. बाय, काय दिसत होतंस तू. इतक्या वर्सात मी असा काय बघूक नाय. माझ्यान बोलवला नाय गो. वाटला, अजून थोडा बघूया."

त्याचा चेहरा उजळला होता. तो मला हे कौतुकानं सांगत होता. त्याला वाटत होतं की हे ऐकून मला बरं वाटेल.

मी दोन्ही कप तसेच ठेवून बाहेर आले.

पुढं सगळं त्याच्या म्हणण्याप्रमाणे झालं. डॉक्टर नाबरांच्या दवाखान्यात म्हणे बायका रडल्या. वर्तमानपत्रात आलं की घाबरलेली बाई शेवटी आपल्या आईच्या भाषेत बोलते, ही सूक्ष्म जाण थक्क करणारी आहे. रस्त्यात माणसं थांबवून विचारायची, ते कसं केलंत हो? मी हसायची. काय सांगणार होते? जिच्यासाठी सगळे अभिनंदन करत होते ती गोष्ट मी केलीच नव्हती. ती माझ्याकडून करवून घेतली होती. घरी नवऱ्याला खरं सांगितलं तर तो म्हणाला, "पण छान झालं ना शेवटी?" त्यानंतर मी कुणालाच सांगितलं नाही.

थोड्याच दिवसांनी गिरगावात आमचा जुन्या नाटकाचा प्रयोग लागला. टीव्हीमुळे गर्दी लोटली होती. तातूची नवी नोकरी अजून सुरू व्हायची होती, तो नेहमीसारखा विंगेत संहिता घेऊन बसला होता. मी आत जाताना त्याच्या खांद्याला हात लावला नाही. त्यानं खांदा किंचित पुढे केल्यासारखं मला वाटलं.

दुसऱ्या अंकात माझे शब्द गेले.

मी रंगमंचाच्या मधोमध होते. समोर भरलेलं थिएटर. ओळ आली, लगेच, स्पष्ट, पूर्वीसारखी थेट कानात. ह्या वेळी कान वाजत नव्हते. मला एकेक अक्षर ऐकू आलं. नुसतं उचलून म्हणायचं होतं.

मी म्हटली नाही.

तातूनं पुन्हा दिली. मी प्रेक्षकांकडून मान वळवली आणि सरळ विंगेत, त्याच्याकडे बघितलं. त्याला माझा पूर्ण चेहरा दिसेल अशी उभी राहिले. ह्या वेळी भीती नव्हती, दुसरं होतं ते, आणि ते त्यानं नीट बघावं असं मला वाटत होतं. थिएटरमध्ये खोकल्याचे आवाज सुरू झाले. समोरचा नट कुजबुजला, "बाई, बोला." तातूनं तिसऱ्यांदा ओळ दिली, इतक्या मोठ्यानं की पहिल्या रांगेत कुणीतरी हसलं. आयुष्यात पहिल्यांदा त्याचा आवाज प्रेक्षकांत गेला असेल. चौथ्या वेळी तो अर्ध्यातच तुटला.

"बाय," तो विंगेतून म्हणाला, "घे मां गो."

मी बघत राहिले. तातूनं संहिता मिटली, स्टुलावर ठेवली आणि दोरखंडांमधून वाट काढत मागच्या अंधारात निघून गेला.

तो गेल्यावर मला ती ओळ आणि तिच्यापुढचं सगळं आठवलं. मी प्रेक्षकांकडे वळले आणि ती म्हटली.